मिरचीच्या गोदामातला सिनेमा

ज्या माणसाविरुद्ध लिहायचं त्याच्याच घरी जायचं, त्याच्या ओट्यावर बसून त्याला सगळा मजकूर वाचून दाखवायचा आणि मगच तो छापायला द्यायचा, अशी रीत असलेला दुसरा वार्ताहर मी पाहिला नाही. आमच्या नागपूरच्या दैनिकात त्यांना सगळे भाऊ म्हणत. संपादक वयाने मोठे होते, तेही भाऊच म्हणत. फक्त त्यांच्या तोंडी तो शब्द जरा हात जोडल्यासारखा यायचा.

एकदा शहराबाहेरच्या एका वसतिगृहात मुलांच्या दुधात पाणी घालतात अशी बातमी भाऊंनी लिहिली आणि ती घेऊन ते तिथल्या अधीक्षकांकडे गेले. अधीक्षकांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग म्हणाले, हे साफ खोटं आहे, सकाळच्या दुधात पाणी घालतच नाहीत, सकाळचं दूध मी स्वतः घेतो. भाऊंनी त्यांचे आभार मानले, तिथल्या तिथे 'संध्याकाळच्या' हा शब्द वाढवला आणि परत आले. बातमी तशीच छापली गेली. मुलांना दूध चांगलं मिळायला लागलं, आणि तेच अधीक्षक पुढे सीताबर्डीवर कुठे भेटले की भाऊंना थांबवून तब्येत विचारायचे. माणसं त्यांच्यावर चिडायची, पण फार दिवस चिडून राहणं कुणाला जमायचं नाही.

मी त्या दैनिकात प्रुफं तपासायची. सत्तरचं दशक नुकतं लागलं होतं, हॅंडकंपोझिंगचे दिवस होते आणि भाऊंचं अक्षर लागणारी ऑफिसात मी एकटीच. आमची ओळख झाली ती 'काहून' या शब्दावरून. त्यांच्या मजकुरातली खेड्यातली बाई 'काहून' म्हणायची आणि मी नियमाप्रमाणे ते 'का' करायची. ते येऊन पुन्हा 'काहून' करायचे. असं बरेच दिवस चाललं. शेवटी ते माझ्या टेबलाशी स्टूल ओढून बसले.

"बाई, त्या मावशीनं 'का' म्हटलंच नाही. तुम्ही तिच्या तोंडात तुमचा शब्द काहून घालून राहिल्या?"

मी म्हटलं, तिने काय म्हटलं ते मला कसं कळणार, मी तर इथे बसलेली असते. ते म्हणाले, मग चला ऐकायला. मी थट्टा समजले. पण रविवारी सकाळी ते खरोखरच माझ्या दारात उभे राहिले. हातात एक जड टेपरेकॉर्डर होता, तो त्यांनी माझ्याकडे दिला. तेव्हापासून त्यांच्या सगळ्या फिल्मांचा आवाज मी धरला. माझ्या यजमानांनी सुरुवातीला कपाळाला आठ्या घातल्या, पण भाऊ त्यांच्याही शेजारी जाऊन बसले आणि आपण काय करणार आहोत ते सगळं त्यांना सांगून आले. त्यानंतर रविवारी मुलांना आंघोळी घालायचं काम यजमानांकडे गेलं ते कायमचं.

फिल्म काढायचं खूळ भाऊंच्या डोक्यात शिरलं त्याचं कारण अगदी साधं होतं. ते ज्यांच्याबद्दल लिहायचे त्यांतल्या बहुतेकांना वाचताच येत नव्हतं. इंदोऱ्याच्या वस्तीत ते आईजवळ राहायचे. आईने सारी उमर मिलमध्ये काढलेली, तिलाही अक्षरओळख नव्हती. भाऊंनी मिलमधल्या बायकांवर लिहिलेली लेखमाला शहरभर गाजली आणि आईने विचारलं, तू बायकांबद्दल लिहिलं म्हणतेत, मंग बायकांले कवा सांगशील? पुढच्याच महिन्यात कामठीच्या छावणीतल्या एका निवृत्त साहेबाकडून त्यांनी चावी द्यायचा सोळा एम.एम.चा कॅमेरा मिळवला.

या कॅमेऱ्याला ते 'बुढी' म्हणायचे. उन्हाळ्यात स्वतः बोडक्याने फिरायचे आणि बुढीला ओल्या पंच्यात गुंडाळायचे. "बुढीले सावली द्या, बुढीले धक्का लावू नका," असं चालूच असायचं. एकदा नागभीडच्या छोट्या गाडीत बसताना त्यांनी हमालाला बजावलं की बुढीला खिडकीपाशी ठेवू नकोस, धूळ लागते. मागून येणाऱ्या तिकीट तपासनिसाने हे ऐकलं. डब्यात येऊन त्याने आमची तिकिटं पाहिली आणि बुढीचं तिकीट मागितलं. भाऊ शांतपणे म्हणाले, तिला अजून पाच वर्षं पूर्ण व्हायची आहेत, तिला तिकीट लागत नाही. तपासनीस बिचारा बाकाखाली वाकून पाहायला लागला.

आणखी एक सवय होती. मनगटावर घड्याळ कधी नाही. ते शर्टाच्या खिशात, आणि दुसऱ्या खिशात बारमाही एक कांदा. कांदा नागपुरातले बरेच लोक उन्हाळ्यात ठेवतात, लू, उन्हाची झळ, लागू नये म्हणून. भाऊ थंडीतही ठेवायचे. पुढे एकदा त्यांच्या फिल्मला दिल्लीत बक्षीस मिळालं तेव्हा भर सभेत वाकून नमस्कार करताना तो कांदा खाली पडला आणि घरंगळत पाहुण्यांच्या पायाशी गेला. पाहुण्यांनी तो उचलून अदबीने परत दिला. भाऊंनी बक्षिसाबद्दल आम्हाला काहीच सांगितलं नाही, त्या पाहुण्याच्या सभ्यपणाबद्दल मात्र महिनाभर बोलत होते. घड्याळाचं कारण विचारलं तर म्हणायचे, मनगटावर घड्याळ दिसलं की समोरचा माणूस आवरतं घेतो.

आता भिवापूरचं सांगते, कारण भाऊंना ओळखायचं तर भिवापूर सांगितल्याशिवाय भागत नाही.

भिवापूरची मिरची आमच्याकडे सगळ्यांच्या घरात असते. ती लाल भुकटी होऊन डब्यात येण्याआधी तिचे देठ कुणीतरी हाताने खुडलेले असतात. हे काम बायकांचं. मोठ्या उघड्या आवारात, ज्याला तिथे सातरा म्हणतात, मिरचीचे ढीग पडलेले असत आणि ओळीने बायका देठ खुडत बसलेल्या. ऊन चढलं की त्यांना लागूनच्या गोदामात बसवत. त्या गोदामाला एक दार सोडलं तर कुठेही फट नव्हती. ठसक्याने जीव घुसमटायचा. प्यायला पाणी आत नाही, हात धुवायला तर नाहीच, आणि तान्ही पोरं तिथेच पोत्यांवर निजवलेली.

भाऊ तिथे हंगामभर जात राहिले. सुरुवातीला बुढी पेटीतून बाहेरही काढली नाही. बायकांच्या ओळीत बसून देठ खुडायला लागले. बायका हसून बेजार, कारण त्यांची बोटं भलतीच मंद, आणि त्यात त्यांनी विसरून डोळा चोळला. दोन बायकांनी धरून त्यांच्या डोळ्यांवर पाणी मारलं. त्या दिवसापासून त्या आमच्याशी घरच्यासारख्या बोलायला लागल्या.

त्यांच्यात गिरजाबाई होती. तिशीची असेल, काटक, बोलायला फटकळ. कॅमेऱ्यासमोर इतर जणी पदर तोंडात धरत, ही सरळ बघून बोलली. मालकाविरुद्ध तिने एक शब्द काढला नाही. फक्त आपला दिवस कसा जातो ते सांगितलं.

फिल्म तयार झाली. मुंबईहून धुऊन आली, भाऊंनी घरी बसून जोडली. आणि मग अर्थातच ते आपल्या रीतीप्रमाणे मालकाकडे गेले. शेठजी म्हातारे होते, धोतर, काळी टोपी, अंगाला अत्तर. भाऊंनी त्यांना फिल्ममध्ये काय काय आहे ते पहिल्यापासून शेवटपर्यंत सांगितलं. शेठजी मान डोलावत राहिले आणि शेवटी एकच विचारलं.

"हम भी हैं उसमें?"

भाऊ म्हणाले, आहात. ढिगांच्या मधून फिरताना. शेठजी खूष झाले, चहा मागवला.

पण तिथे मुकादमही उभा होता. बायकांना कामावर घ्यायचं की नाही हे त्याच्या हातात. कोण काय बोललं ते त्याने नीट ऐकलं, आणि दुसऱ्या दिवशी गिरजाबाई सातऱ्यावर आली तेव्हा तिला दारातूनच परत पाठवलं.

ही बातमी नागपुरात आली तो दिवस मला आठवतो. भाऊ माझ्या टेबलाशी बसले होते. माणसाला तोंडावर खरं सांगावं, यावर त्यांनी आयुष्य काढलेलं, आणि त्याचा फटका तिला बसला होता. मीही चिडले होते. मी म्हटलं, भाऊ, तुमच्या सरळपणाचे चटके तुम्हाला बसायला हवे होते, तिला बसले. त्यांनी मान हलवली. म्हणाले, तिचा भाग कापून टाकतो, मग मुकादमाला दाखवायला काही उरणार नाही. आवाजात इतका पडेलपणा मी कधी ऐकला नव्हता, कारण तो भाग काढला तर फिल्ममध्ये काहीच उरत नव्हतं, हे दोघांनाही माहीत होतं.

आम्ही पुढच्याच गाडीने तिच्या घरी गेलो. ती अंगण सारवत होती. भाऊंनी उभ्याउभ्याच सांगितलं की माझ्यामुळे तुझं काम गेलं, तुझं बोलणं मी काढून टाकतो.

गिरजाबाईने हात धुतले नाहीत, तशीच वळून बसली.

"काहून काढता गा भाऊ? मी काय बोलली ते अजून मीच नाही आयकलं. पहिले मले दाखवा. मंग काय कापाचं ते मी सांगतो."

भाऊंना हा विचारच सुचला नव्हता. परतताना गाडीत त्यांचा चेहरा पुन्हा नेहमीसारखा झाला आणि ते बेसूर आवाजात काहीतरी गुणगुणायला लागले, तेव्हा माझ्या जिवात जीव आला.

फिल्म भिवापुरातच दाखवायची ठरली. कामगार खात्याचे एक नवीन अधिकारी होते, त्यांनी दुपारी येण्याचं कबूल केलं. शाळेची खोली मिळाली होती, ती आदल्या दिवशी कुणाच्या तरी सांगण्यावरून रद्द झाली. दुसऱ्या कुठल्याच जागी भर दुपारी काळोख होईना. भाऊ सरळ शेठजींकडे गेले आणि शाळा नाही म्हणते हे त्यांना सांगितलं. शेठजींना आपण दिसणार होतो ती फिल्म रद्द होण्याचं दुःख खरोखर झालं. ते म्हणाले, आपलं गोदाम आहे ना, त्याच्याइतका अंधार भिवापुरात कुठे मिळणार?

भाऊंनी त्यांना पुन्हा एकदा विचारलं, फिल्ममध्ये काय आहे ते लक्षात आहे ना? शेठजी म्हणाले, हो हो, आणि खुर्च्या मांडायला माणसं धाडली.

तर त्या दुपारी मिरचीच्या गोदामात सिनेमा झाला. भिंतीला धोतर ताणलं. पुढे खुर्च्यांवर अधिकारी, शेठजी, गावातले दोनचार व्यापारी. मागे जमिनीवर सगळ्या बायका, पोरांसकट. गिरजाबाईही आली; इतक्या लोकांसमोर तिला अडवायची मुकादमाची छाती झाली नाही. दार बंद करून त्याला पोती लावली आणि भाऊंनी प्रोजेक्टर सुरू केला.

धोतरावर पहिल्यांदा ढीग दिसले. फिल्म काळीपांढरी, तेव्हा मागून कुणीतरी विचारलं, मिरच्या काळ्या काहून पडल्या? हशा झाला. मग बायका एकमेकींना ओळखायला लागल्या. हे पाय बघ, तो पदर बघ. एवढ्यात शेठजी पडद्यावर आले. छत्री घेऊन ढिगांमधून ऐटीत चाललेले, आणि नाकाला अत्तराचा रुमाल घट्ट दाबलेला. त्यांच्या दोन्ही बाजूंना बायका उघड्या नाकातोंडाने खुडत बसलेल्या. भाऊंनी त्यावर काही टिप्पणी घातली नव्हती, नुसतं दाखवलं होतं. बायका इतक्या हसल्या की माझ्या टेपरेकॉर्डरचा आवाज बुडाला.

शेठजीही आधी हसले. आपली चाल त्यांना आवडली असावी. पण तोवर बंद गोदामातल्या माणसांच्या हालचालीने मिरचीची धूळ उठली होती. पुढच्या रांगेत पहिली शिंक आली, मग खोकला, मग सगळीच रांग खोकायला लागली. प्रोजेक्टरच्या उजेडात मला दिसलं, शेठजींचा हात खिशातल्या रुमालाकडे गेला आणि अर्ध्यावर थांबला. तो रुमाल आता त्यांना बाहेर काढता येत नव्हता. म्हातारा डोळ्यांतून पाणी गाळत तसाच बसला.

अधिकारी मात्र उठले. तोंडावर हात धरून दाराकडे निघाले. त्याच वेळी पडद्यावर गिरजाबाई आली आणि मागून तिचा खरा आवाज आला.

"साहेब, थोडंच राह्यलं. आमी सकाळपासून सांजलोक बसतो."

तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. पाहुण्याला जेवून जा म्हणावं तसं ती म्हणाली. अधिकारी अंधारात क्षणभर उभे राहिले आणि परत येऊन खुर्चीत बसले.

मग तिचं फिल्ममधलं बोलणं सुरू झालं. "दिवसभर देठ खुडले का हाताची आग होते. घरी जातो तं लेकरू पयत येते. त्याले जवळ घेता येत नाही. हात लावला का तेच रडते. मंग मी हात मागं धरतो, अन् थे माह्या पायाले मिठी मारते."

गोदामात खोकल्याशिवाय आवाज नव्हता. फिल्म संपली, भाऊंनी दारावरची पोती ओढली, उजेड आत आला. सगळेच डोळे पुसत होते, आणि कोण मिरचीने रडतंय आणि कोण कशाने, ते कुणालाच सांगता आलं नसतं. भाऊ गिरजाबाईपाशी गेले. त्यांनी विचारलं, काय कापायचं सांग.

तिने एकदा भिंतीवरच्या कोऱ्या धोतराकडे पाहिलं. मग म्हणाली, "काहीच नोका कापू. खरंच बोलली मी."

यानंतर सगळं सुरळीत झालं असं नाही. अधिकाऱ्यांनी निघताना शेठजींना बाजूला घेऊन काय करायला हवं ते सांगितलं, शेठजींनी ते मान्य केलं. पण दुसऱ्या दिवशी मुकादमाने गिरजाबाईला पुन्हा दारात अडवलं. तेव्हा बाकीच्या बायका आत गेल्याच नाहीत. कुणी घोषणा दिल्या नाहीत, कुणी भांडलं नाही. सातऱ्याच्या बाहेर झाडाखाली बसून राहिल्या आणि गप्पा मारत बसल्या. हंगाम भरात होता, गाड्यांवर गाड्या येऊन उभ्या होत्या. दुपारी शेठजी स्वतः आले, मुकादमाकडे न बघता गिरजाबाईला म्हणाले, चल बाई, आत चल. तिने विचारलं, पाण्याचं काय झालं? शेठजी म्हणाले, येईल. ती म्हणाली, मंग पाणी आल्यावर जातो. त्या संध्याकाळी पाण्याचं पिंप आलं, आणि दुसऱ्या दिवशी बायका आत गेल्या.

हे सगळं आम्हाला नंतर कळलं. आम्ही तेव्हा नागपुरात होतो. भाऊंना ते ऐकताना इतका आनंद झाला की त्यांनी ऑफिसातल्या सगळ्यांना, अगदी संपादकांनाही, खाली गाडीवर नेऊन तर्री-पोहे खायला घातले. संपादकांना तिखट सोसत नव्हतं. ते घाम पुसत खात राहिले.

भाऊंनी पुढे पुष्कळ फिल्मा काढल्या. मॅंगनीजच्या खाणींवर, सफाई कामगारांवर, दगड फोडणाऱ्या माणसांवर. काहींनी काही बदललं, काहींनी काहीच नाही. त्याचं ओझं घेऊन ते फिरले नाहीत. आज ते नाहीत, बुढी एका भाच्याकडे आहे, आणि त्यांची आठवण निघाली की आमच्या जुन्या मंडळींत कुणीतरी आधी हसतंच. शोकसभेतही तसंच झालं होतं.

पण मला सगळ्यात जास्त आठवतात ते भाऊ पुढच्या हंगामातले.

कामाला नवीन बायका आल्या होत्या आणि त्यांना फिल्म दाखवा असा गिरजाबाईचा निरोप आला. आम्ही प्रोजेक्टर घेऊन छोट्या गाडीने गेलो. शेठजी दारातच सामोरे आले आणि जरा अपराधी चेहऱ्याने म्हणाले की पंचाईत झाली आहे. भाऊंनी विचारलं, काय झालं? शेठजी त्यांना आत घेऊन गेले. गोदामाच्या दोन्ही भिंतींत मोठ्या खिडक्या फोडलेल्या होत्या. आरपार वारा होता. एका कोपऱ्यात नळ, आणि बाहेर टिनाच्या शेडमध्ये पोरांसाठी पाळणे. आत लख्ख ऊन पडलं होतं.

"अब अंधेरा ही नहीं होता," शेठजी म्हणाले. "सिनेमा कैसे दिखाओगे?"

भाऊ एका खिडकीशी गेले. चौकटीवर हात फिरवला. मग प्रोजेक्टरच्या पेटीवर बसले आणि हसायला लागले. त्यांना असं पोट धरून हसताना मी पहिल्यांदाच पाहिलं. शेठजींना कळेना, पण तेही हसायला लागले.

नव्या बायका मात्र हिरमुसल्या. तेव्हा गिरजाबाई म्हणाली, थांबा, मी सांगतो. ती मध्ये येऊन उभी राहिली आणि तिने फिल्म सांगायला घेतली. पहिल्या ढिगापासून. कोण कुठे बसलं होतं, कुणाचा पदर कसा उडाला, सगळं. शेठजींची चाल तिने पदर नाकाला दाबून अशी करून दाखवली की शेठजी दारातून म्हणाले, मी इतका काही ऐटीत चालत नाही. बायका म्हणाल्या, चालता. ती सांगत गेली तशी फिल्म लांबत गेली. आम्ही कधी न काढलेल्या गोष्टी तिच्यात यायला लागल्या. साहेबांच्या शिंका आल्या, झाडाखाली बसलेल्या बायका आल्या, गाड्यांच्या रांगा आल्या. मी भाऊंकडे पाहिलं. पेटीवर मांडी घालून, हनुवटी हातात धरून ते ऐकत होते, जणू हा सिनेमा कुणा दुसऱ्यानेच काढलाय आणि त्यांना त्यातलं काही माहीत नाही.

मुकादम दारात आडवा झाला, इथपर्यंत येऊन गिरजाबाई पाणी प्यायला थांबली. नळाशी गेली, सावकाश ओंजळ भरली.

भाऊंना धीर निघेना.

"मंग? मंग काय झालं वं गिरजामाय?"